साखसाल: खोटं लिहिलं की पुसलं जाणारी साल. गोष्टीत ती कशी वापरावी?

रानवाटसरू (धागाकर्ता)

नमस्कार मंडळी. गेले आठ महिने मराठीत एक फँटसी लिहितोय. मुलूख डोंगराळ आहे, कल्पित आहे. तिथे कागद नाही, ताडपत्रही नाही. बर्फाच्या रेषेखाली ‘साख’ नावाचं झाड वाढतं, त्याच्या सालीवर सगळे लिहितात. म्हणून ती साखसाल. तिचा गुण एकच. लिहिणाऱ्याला जे खोटं असल्याचं ठाऊक आहे, ते तिच्यावर टिकत नाही. लिहिताना उमटतं, पण सकाळपर्यंत उडून जातं. खरं लिहिलेलं मात्र पिढ्यान्‌पिढ्या राहतं.

कल्पना सुचली ती बृहस्पतीच्या नावावर सांगितल्या जाणाऱ्या एका श्लोकावरून. सहा महिन्यांत माणसाला भ्रम होऊ लागतो, म्हणून ब्रह्मदेवाने पूर्वी अक्षरं निर्माण केली आणि ती पानांवर चढवली, असा त्याचा अर्थ. वाटलं, विसरण्यावर तोडगा निघाला, तसा खोटेपणावरही निघाला असता तर?

तीन प्रकरणं लिहिली आणि गाडी अडली. अशी साल घरोघरी असेल तर वाद उरतच नाहीत. सगळं पहिल्या रात्रीच उघडं पडतं. मग गोष्ट कशाची सांगायची? लोक ही साल कशाकशाला वापरतील आणि ती दगा कुठे देईल, हे तुमच्याकडून ऐकायचं आहे.

दुपारचा_चहा

शाळेत नेलेली ‘पोटात दुखत होते’ ही चिठ्ठी दुसऱ्या दिवशी कोरी! :) कल्पना फार आवडली, धाग्यावर लक्ष ठेवून आहे.

कोर्टपक्षी

अशा वस्तूची भूक आपल्या समाजाला खरोखरच होती. मराठेशाहीत वतनाचा वाद साक्षी-पुराव्यांनी सुटला नाही तर दिव्य करायला लावत. त्यातलं रवादिव्य वाचलं असेल. उकळत्या तेलातुपातून धातूचा तुकडा हाताने बाहेर काढायचा, मग हात पिशवीत बांधून त्यावर मोहोर करायची आणि तिसऱ्या दिवशी सगळ्यांसमोर पिशवी उघडायची. हात भाजला नसेल तर माणूस खरा. बेलभंडार उचलून शपथ घेणं हाही त्याचाच सौम्य प्रकार.

हे का करावं लागे? कागद होते, पण कागदावर भरवसा नव्हता. म्हणजे तुमच्या मुलखात साखसाल आहे म्हणताना दिव्य नाही, शपथ नाही, कदाचित साक्षीदारही नाहीत. गावात चार लोकांना बोलावून, त्यांच्यासमोर ठरवायची रीतच तिथे तयार झाली नसणार. माझ्या मते तुमची पहिली अडचण ही आहे आणि तीच तुमची गोष्टही आहे. सालीवर सगळा भार टाकलेल्या माणसांना एकमेकांवर विश्वास ठेवायची सवय असेल का?

घाटमाथा

कोर्टपक्षींना अनुमोदन. साक्षीदारांबद्दल थोडी भर.

जुने महजर, म्हणजे वादाच्या निवाड्याचे साक्षीदारांसह लिहिलेले कागद, पाहिलेत का? लिहिता न येणारा माणूस सहीच्या जागी निशाणी करी. शेतकऱ्याचा नांगर, व्यापाऱ्याचा तराजू. कागदाचे तुकडे एकाखाली एक चिकटवून लांब पट्टी करत आणि सांध्यावर शिक्का मारत, म्हणजे मधला तुकडा बदलता येऊ नये. पत्र जिथे संपतं तिथे मोर्तब. शिवाजी महाराजांच्या पत्रांच्या शेवटी ‘मर्यादेयं विराजते’ हा शिक्का असतो तो याचसाठी. लेखनाची सीमा इथे झाली, याखाली कोणी ओळ घुसडली तर ती आमची नव्हे. हे सगळे उपाय बिनजादूच्या कागदाला साखसाल करायचे प्रयत्नच आहेत.

आणि गधेगाळ विसरू नका! शिलाहारांच्या काळातले हे दगड कोकणात आजही बांधाबांधावर सापडतात. वर चंद्रसूर्य, मध्ये दानाचा लेख, खाली गाढवाचं शिल्प. जो कोणी हे दान मोडील त्याच्या आईला दिलेली ती शिवी आहे. चंद्रसूर्य असेपर्यंत दान टिकावं, ही इच्छा. ती टिकवायला राजाजवळ सैन्य होतं, तरी शेवटी दगडावर शिवी कोरावी लागली.

शंकासुर

ताम्रपटांतसुद्धा बनावट निघाले आहेत, इतक्या अभ्यासकांनी ते पकडलेत की त्यांच्या याद्या झाल्यात. तांब्यावर कोरलं म्हणून खरं, असं नाही.

आता साखसालीचा नियम नीट बघा. ‘लिहिणाऱ्याला जे खोटं असल्याचं ठाऊक आहे’ ते उडतं. मग सावकार स्वतः कशाला लिहील? तो कारकून ठेवेल. कारकुनाला सांगेल, ‘लिही, अमक्याने शंभर घेतले.’ कारकुनाला खरंखोटं माहीत नाही, तो भल्या मनाने लिहील. अक्षर टिकेल. दुसऱ्या दिवशी सावकार साल घेऊन पंचांसमोर उभा: बघा, उडालं नाही! घेणारा बिचारा ओरडत राहील की मी दहाच घेतले होते.

तुमच्या मुलखात सगळ्यात महाग नोकर कोण असेल? ज्याला काहीच माहीत नाही असा लेखनिक.

रानवाटसरू

शंकासुर, हे वाचून खुर्चीतून उठलो. आठ महिन्यांत मला हे सुचलं नव्हतं.

कोकणवारा

+१. आणि असा लेखनिक तयार करावा लागेल. लहानपणीच गावापासून दूर नेऊन, बाजारात जाऊ न देता वाढवलेला. अक्षर मोत्यासारखं, पण जग ठाऊक नाही.

मावशी_सांगलीकर

शंकासुरांचा प्रतिसाद वाचून गप्प बसवेना.

माझ्या आजीला लिहितावाचता येत नव्हतं. आजोबा गेल्यावर घरातल्याच एकाने तिच्यापुढे कागद ठेवला आणि सांगितलं, विहिरीच्या पाण्याच्या पाळीचा कागद आहे, अंगठा लाव. तिने लावला. तो तिच्या वाट्याची जमीन सोडून दिल्याचा कागद होता. लिहिणारा तालुक्याच्या गावचा कोणी होता, त्याने सांगितलं तसं लिहिलं. म्हणजे तुमच्या सालीवर तो मजकूर राहिला असता. अंगठाही तिचाच, खराच.

ती मरेपर्यंत म्हणायची, ‘शाई माझ्या बोटाला पुसायला दोन दिवस लागले.’ त्या दोन दिवसांत तिला कुणी कागद वाचून दाखवला असता तर काय झालं असतं, याचा विचार मी आजही करते. गोष्टीत तिच्यासारख्या बाईला जागा द्या, एवढंच सांगायचं होतं.

दुपारचा_चहा

मावशी, काय बोलावं कळत नाही.

बोरूबहाद्दर

मावशींच्या शाईवरून लिहितो. बोरू आणि देशी शाया हा माझा वीस वर्षांचा छंद आहे. रानवाटसरू, तुमची साल जादूची आहे, पण शाई कुठली? त्यावर गोष्टीत एक ओळही नसेल तर वाचक म्हणून मी हिरमुसेन.

काजळाची शाई म्हणजे काजळ आणि डिंक. खल जितका जास्त तितकी शाई मऊ. ही कागदाच्या वर बसते, आत जात नाही, म्हणून ओल्या फडक्याने पुसताही येते. हिरड्याची शाई वेगळ्या जातीची. हिरडा पाण्यात उकळून त्यात हिराकस, म्हणजे लोखंडाचा क्षार, घातला की लिहिताना ती फिकट दिसते आणि हवा लागेल तशी काळी होत जाते. पहिल्यांदा केली तेव्हा मी फसली समजून ओतून देणार होतो, तासाभराने पाहतो तर अक्षर ठसठशीत. पण तिच्यात हिराकस जास्त झाला तर शंभर-दीडशे वर्षांत ती कागदच खाते, अक्षराच्या जागी अक्षराच्या आकाराचं भोक पडतं. आणि बिब्बा! धोब्याने कपड्यावर बिब्ब्याने केलेली खूण कपडा फाटला तरी जात नाही. कातडीला लागला तर फोड येतात, तेव्हा प्रयोग करायचे असतील तर हातमोजे घाला.

मतदानाची शाईही याच घराण्यातली म्हणा. 1962 च्या निवडणुकीपासून म्हैसूरच्या कारखान्यातली वापरतात. तिच्यात सिल्व्हर नायट्रेट असतं, कातडीतल्या मिठाशी त्याचं सख्य होतं आणि उजेडात ते काळं पडतं. मग नख वाढून पुढे सरकेपर्यंत डाग हलत नाही.

माझी सूचना: खोटं उडतं तेव्हा ते कसं उडतं हे शाईवर ठरू दे. काजळाचं अक्षर पावडर होऊन खाली झडेल. सकाळी सतरंजीवर काळी भुकटी दिसली की घरच्यांना कळलं. हिरड्याचं अक्षर उलट्या वाटेने फिकट होत जाईल. आणि बिब्ब्याने खोटं लिहिलं तर? दोन हट्टी समोरासमोर. साल जळेल बहुतेक.

रानवाटसरू

सतरंजीवरची काळी भुकटी घेतली! परवानगी आहे ना?

बोरूबहाद्दर

तुमचीच आहे.

हिमरेषा

उशिरा आले. साख म्हणजे भूर्जवृक्षच ना? हिमालयात झाडांची रेषा संपते तिथे तो वाढतो, साधारण तीन हजार मीटरच्या वर. गोमुखाच्या वाटेवर भोजबासा म्हणून मुक्काम आहे, नावच भोजवृक्षावरून. मी गेले तेव्हा मोठं भूर्जवन पाहायला मिळेल अशी आशा होती. मुक्कामाजवळ उघडा डोंगर आणि दगड. चुलीसाठी आणि सालीसाठी झाडं गेली. आता पुन्हा लावायचे प्रयत्न चालू आहेत, पण इतक्या उंचीवर रोप जगवायला वर्षानुवर्षं लागतात.

साल काढताना वरचे पापुद्रे सुटे होतात, कांद्यासारखे एकावर एक. तेवढेच काढले तर झाड तगतं. हाव धरून आतपर्यंत सोललं तर मरतं. तुमच्या मुलखात लोक प्रत्येक उधारीला साखसाल वापरत असतील तर दोन पिढ्यांत झाडं संपतील. मग खरेपणा श्रीमंतांनाच परवडेल, गरिबाचा शब्द साध्या पानावर. ‘सालीवर नाही म्हणजे खोटं असणार,’ असं लोक म्हणू लागतील. मला यात सगळ्यात जास्त गोष्ट दिसते.

घाटमाथा

हिमरेषा, फार महत्त्वाचा मुद्दा. अकराव्या शतकात भारताबद्दल लिहिणाऱ्या अल्बेरुनीने भूर्जपत्राचं वर्णन केलं आहे. हातभर लांब पट्ट्या घ्यायच्या, तेल लावून घोटून त्या गुळगुळीत करायच्या, पानांना आकडे घालायचे आणि सगळं फडक्यात गुंडाळून दोन फळ्यांमध्ये बांधायचं. म्हणजे जादूच्या आधी कष्ट आहेत. साल घोटणाऱ्यांची एक वस्ती दाखवा, त्यांच्या हातांना वास येऊ दे.

पुण्याच्या भांडारकर संस्थेतल्या ऋग्वेदाच्या ज्या 30 हस्तलिखितांना युनेस्कोने 2007 मध्ये जागतिक स्मृतीच्या नोंदीत घेतलं, त्यांत एक काश्मीरचं आहे. भूर्जपत्रावरचं, शारदा लिपीतलं. काश्मीरहून ग्रंथ आणणाऱ्या ब्यूलर या जर्मन संस्कृत पंडिताने तिथल्या शाईचीही कृती टिपली आहे. बदाम जाळून केलेला कोळसा गोमूत्रात उकळायचा. पोथी मळली तर ती चक्क पाण्याने धुवायचे, अक्षराला काही होत नसे. बोरूबहाद्दर, करून पाहिलीत का?

बोरूबहाद्दर

नाही! या रविवारी बदाम आणतो.

पाटीपेन्सिल

सगळे खतं, वतनं, वाद यांवरच बोलताहेत. साधी माणसं काय लिहितील तेही बघा की.

रशियातल्या नोव्हगोरोदला 1951 पासून जमिनीत भूर्जाच्या सालीवरची पत्रं सापडताहेत, आजवर हजाराच्या वर. शाई नाहीच, टोकदार काडीने ओरखडून लिहिलेली. उसनवारी, घरचे निरोप, भांडणं. त्यांत ओन्फिम नावाच्या सहासात वर्षांच्या मुलाची अक्षरं गिरवलेली सालं आहेत, तेराव्या शतकातली. अक्षरं गिरवून कंटाळला की तो चित्रं काढी. घोड्यावर बसलेला वीर काढून शेजारी स्वतःचं नाव लिहिलंय. हातांना बोटं कधी तीन तर कधी पाच.

रानवाटसरू, हे पोर तुमच्या मुलखात असतं तर? ‘मी घोड्यावर बसून शत्रूला मारतो’ असं साखसालीवर लिहिलं, सकाळी ते उडालेलं असेल का?

शंकासुर

नियमाप्रमाणे उडायला हवं. त्याला माहीत आहे की तो घोड्यावर बसलेला नाही.

पाटीपेन्सिल

मग त्या मुलखात गोष्टी लिहिताच येत नाहीत. कविता, नाटकं, भुतांच्या कथा, सगळं सकाळी साफ. मी अशा मुलखात एक दिवसही राहणार नाही.

कोर्टपक्षी

गोष्ट खोटी नसते. फसवायचा हेतू असेल तर खोटं. कायद्यातही नुसतं चुकीचं विधान आणि फसवणूक वेगळी धरतात, हेतू पाहावा लागतो.

शंकासुर

मान्य नाही. साल हेतू कसा ओळखणार? तिला हेतू कळत असेल तर कारकुनामागच्या सावकाराचाही कळायला हवा. एक काहीतरी ठरवा.

कोकणवारा

शंकासुरांचं बरोबर आहे. आणि गोष्टी लिहिता येत नाहीत हे वाईट कशावरून? गोष्टी तोंडी राहतील. ओवीसारख्या, जात्यावरच्या. सालीवर फक्त हिशेब, आणि तोंडात सगळी कल्पना. त्या मुलखात आजीला काय मान असेल!

नदीकाठ

कोकणवारा यांच्या प्रतिसादाने आठवण झाली. आपल्याकडे ‘टिकलेल्या लेखनाची’ सर्वांत मोठी कथा देहूची आहे. तुकोबांच्या वह्या इंद्रायणीत बुडवल्या आणि तेरा दिवसांनी त्या कोरड्या वर आल्या. माझे वडील वारकरी होते, त्यांना या चमत्काराबद्दल तिळभर शंका नव्हती. माझे एक शिक्षक सांगत की वह्या लोकांच्या मुखातून वर आल्या, ज्याला जो अभंग पाठ होता तो त्याने पुन्हा दिला. लहानपणी मला या दोघांत कोणाची बाजू घ्यावी कळत नसे. आता दोन्ही एकत्र मनात राहतात, त्रास होत नाही.

पण धाग्यापुरतं बघा, दोन्हींत कागद जादूचा नाही. तुमच्या साखसालीला उलट बाजूने एक प्रश्न विचारा. खरं लिहिलेली साल कोणी नदीत बुडवली, जाळली, तर? ‘पिढ्यान्‌पिढ्या राहतं’ असं तुम्ही लिहिलंय. आगीपासूनही?

रानवाटसरू

नाही. साल जळते, बुडते, वाळवी खाते. खोट्यापासून ती राखते, बळापासून राखत नाही. हे आत्ता तुम्ही विचारल्यावर ठरलं.

हिमरेषा

मला एक निराळंच सुचतंय. वचनाचं काय? ‘मी वैशाखात परत येईन’ असं शिपाई बायकोला लिहून जातो. लिहिताना तो मनापासून लिहितो, म्हणून अक्षर राहतं. पण पुढे त्याचं मन बदललं तर? ती बाई रोज दिवेलागणीला साल उलगडून बघेल. अक्षर आहे ना अजून? आणि तो लढाईत मेला तर अक्षर उडेल की कायमचं राहील?

मावशी_सांगलीकर

राहील गं. त्याने खोटं कुठे लिहिलं? आणि म्हणून ती वाट बघत राहील.

दुपारचा_चहा

मावशी आणि हिमरेषा, तुम्ही दोघींनी मिळून एक वेगळी कादंबरी लिहा. सकाळपासून त्या साल उलगडणाऱ्या बाईचाच विचार चाललाय.

घाटमाथा

प्रेमपत्रावरून आठवलं, कालिदासाची उर्वशी अदृश्य राहून भूर्जपत्रावर राजा पुरूरव्याला पत्र लिहिते. ते पान पुढे वाऱ्याने उडतं आणि नेमकं राणीच्या हाती लागतं. खऱ्या लेखनाचाही घात होतो, तो असा.

शंकासुर

मूळ प्रश्नाकडे येऊ या का? वादच उरत नाहीत ही तक्रार होती. आता इतके वाद झालेत की तीन खंड होतील. पण हेतूच्या प्रश्नाचं उत्तर रानवाटसरूंनी अजून दिलेलं नाही.

रानवाटसरू

चार दिवस विचार केला, म्हणून उशीर झाला.

साल हेतू ओळखत नाही, हात ओळखतो. तिला स्पर्श करून जो खूण उमटवतो त्याला त्या क्षणी काय ठाऊक आहे, एवढंच तिच्यापर्यंत पोचतं. म्हणून सावकाराची युक्ती चालते, ती ठेवली आहे. ओन्फिमचा घोडा उडतो, त्याचंही मला वाईट वाटतंय, पण चित्राला मुभा दिली आहे. त्या मुलखातली पोरं गोष्टी चित्रांत काढतात आणि शब्द तोंडाने सांगतात. (कोकणवारा, आज्यांना मान मिळाला आहे.) शिपायाचं वचन मावशी म्हणाल्या तसंच.

नायक मी बदलला. आधी राजपुत्र होता. आता कोकणवारा म्हणाले तशी वाढवलेली लेखनिक मुलगी आहे. दरीपलीकडच्या मठात, काहीही कळू न देता लहानाची मोठी केलेली. तिचं अक्षर कधी उडालेलं नाही, याचा तिला अभिमान आहे. एक दिवस साल घोटणाऱ्यांच्या वस्तीत तिला मुक्काम करावा लागतो आणि ज्यांची शेतं तिच्या अक्षराने गेली ती माणसं तिला जेवू घालतात. त्या रात्रीनंतर ती मठात परत येते. समोर साल, सावकार नेहमीसारखं सांगतोय. तिला आता माहीत आहे.

कोर्टपक्षी

सावकारासमोर ती लिहील, आणि सकाळी भुकटी!

रानवाटसरू

हो. पण मग तिला कोणी पुन्हा कामाला ठेवणार नाही, तिच्या जागी दुसरी येईल. तिथून पुढची वाट अजून शोधतोय.

मावशी_सांगलीकर

आणि अंगठ्याचं काय हो? हात ओळखते म्हणालात म्हणून विचारते. लिहिणारीचा हात झाला. अंगठा लावणाऱ्या बाईचा?

रानवाटसरू

मावशी, त्यावरच सगळ्यात जास्त वेळ गेला. असं ठरवलंय: अंगठासुद्धा लेखनच. ज्या मजकुराखाली तो लावला तो मजकूर तिला कळलेला नसेल, तर अक्षरं राहतात पण रात्रीत अंगठा उडतो. सकाळी सालीवर सगळं असतं, फक्त ती नसते.

आणि त्या मुलखात हे कोणालाच माहीत नाही. कारण अंगठ्याच्या साली सावकार त्याच रात्री पेटीत बंद करतात. पेट्या पहिल्यांदा उघडते ती लेखनिक मुलगी.

शंकासुर

मिळाली वाट. माझ्या हरकती संपल्या.

मावशी_सांगलीकर

पेटी उघडायचा प्रसंग लिहिलात की आधी मला पाठवा. आजीचं नाव मी तुम्हाला व्यक्तिगत निरोपात कळवते, मुलीला देता आलं तर बघा.

बोरूबहाद्दर

बदामाची शाई झाली. बायकोने गोमूत्राचं पातेलं गच्चीवर न्यायला लावलं. भूर्जपत्राचा तुकडा काष्ठौषधीच्या दुकानात मिळाला, त्यावर ‘साखसाल’ लिहून रात्रभर पाण्यात ठेवला. अक्षर जसंच्या तसं आहे. फोटो संध्याकाळी टाकतो.